भीष्मप्रतिज्ञेची किंमत कोणी मोजली?

(द्वितीय वर्ष, कला)

कुणी ठाम निश्चय केला की त्याने ‘भीष्मप्रतिज्ञा’ केली, असे आपण सहज म्हणून जातो. उद्यापासून पहाटे उठून अभ्यास करणार, ही भीष्मप्रतिज्ञा. पुन्हा निवडणुकीला उभा राहणार नाही, हीही भीष्मप्रतिज्ञाच! वक्तृत्वस्पर्धेत तर भीष्माचे नाव आले की टाळ्या ठरलेल्या. मला त्या टाळ्यांविषयीच थोडे बोलायचे आहे.

महाभारत हा इतिहास की कल्पना, या वादात शिरण्याचा माझा अधिकार नाही. पण त्यातले जग एका बाबतीत आपल्याहून निराळे आहे, हे कुणीही मान्य करील. तिथे तोंडातून निघालेला शब्द हवेत विरून जात नाही. दारातून मुलगे म्हणतात, भिक्षा आणली आहे. कुंती न पाहताच म्हणते, सगळे मिळून घ्या. आणि द्रौपदी पाच जणांची पत्नी होते. शंतनू मुलाला म्हणतो, तुझ्या इच्छेवाचून तुला मरण येणार नाही. आणि शरपंजरी पडलेल्या त्या म्हाताऱ्यापाशी मृत्यू उत्तरायण लागेपर्यंत ताटकळत राहतो. देवव्रताने प्रतिज्ञा उच्चारली तेव्हा आकाशातून फुले पडली आणि त्याचे नावच बदलून गेले.

ही प्रतिज्ञा झाली ती मात्र हस्तिनापुरात नव्हे. ती झाली यमुनाकाठच्या कोळ्यांच्या मुखियाकडे, सत्यवतीच्या बापाकडे. या दाशराजाला पुष्कळजण लोभी ठरवतात. मला तो फार शहाणा माणूस वाटतो. राजाच्या मनात मुलगी भरली आहे. नाही म्हणणे जड, आणि हो म्हणावे तर तिची पोरे उद्या सावत्र भावाच्या दयेवर. देवव्रत म्हणाला, मी राज्य सोडले. त्यावर दाशराजाने विचारले, तुमच्या शब्दावर विश्वास आहे, पण तुमच्या मुलांचे काय? ज्याच्या हाती सैन्य नाही, तो समोरच्याचा शब्दच नीट पारखून घेणार. यात लोभ कुठे आला?

पुढे मात्र त्या शब्दाने सगळ्यांना ओलांडले. सत्यवतीचे दोन्ही मुलगे निपुत्रिक गेले. धाकट्यासाठी भीष्माने काशीच्या तीन राजकन्या स्वयंवरातून बळाने आणल्या होत्या. त्यातल्या अंबेचे मन शाल्वावर होते. शाल्व तिला घेईना, आणि भीष्म तर प्रतिज्ञेत अडकलेला. तिला शेवटी आगीशिवाय जागा उरली नाही. मग खुद्द सत्यवतीच भीष्माला म्हणाली, तू राज्य घे, या सुनांना संतती दे. म्हणजे जिच्या पोटच्या मुलांसाठी शब्द दिला, तीच त्याला मोकळे करीत होती! तरी तो ढळला नाही. मग नियोगासाठी व्यासांना बोलवावे लागले. अंबिकेने भीतीने डोळे मिटले, अंबालिका पांढरीफटक पडली, आणि तिसऱ्या वेळी अंबिकेने आपल्या जागी दासी पाठवली. त्या दासीचे नावसुद्धा महाभारतात नाही. तिचा मुलगा विदुर. सगळ्यांत शहाणा, पण गादीला अपात्र.

प्रतिज्ञा एकाने केली आणि तिचे हप्ते अंतःपुरातल्या बायकांनी फेडले, असे मला प्रामाणिकपणे वाटते. इरावती कर्वे यांनी १९६७ च्या ‘युगान्त’मध्ये भीष्माला जाब विचारला, त्यालाही आता अर्धशतक उलटून गेले. टाळ्या मात्र चालूच आहेत.

यावर आमचे प्राध्यापक म्हणतील, शब्द मोडला असता तर त्या जगाचा आधारच सुटला असता. मला हे पटत नाही. युद्धात शस्त्र धरणार नाही, असे कृष्ण म्हणाला होता. तरी अर्जुन हात आखडतो आहे असे पाहून तो रथातून उडी टाकून भीष्माच्याच अंगावर धावून गेला. आकाश काही कोसळले नाही. आणि शब्द पाळायचाच, तर कर्णाने पाळला तसा पाळावा. कुंतीला त्याने सांगितले, तुझे पाच पुत्र राहतील. मग युद्धात अर्जुनाखेरीज चौघे भाऊ हाती सापडले असताना त्याने त्यांना जिवंत सोडले. त्या शब्दाची किंमत त्याने स्वतःच्या जिवाने दिली.

एकलव्याची गोष्ट आणखी वेगळी. गुरूला अदेय असे माझ्याकडे काही नाही, असे तो आधी म्हणाला. द्रोणांनी अंगठा नंतर मागितला. म्हणजे कागद कोरा होता, आकडा मागाहून भरला गेला.

ही गोष्ट वर्गात शिकताना मुले हळहळतात. मला ती ओळखीची वाटते. आमच्या भागात उसाच्या फडावर जाणाऱ्या नवरा-बायकोच्या जोडीला ‘एक कोयता’ म्हणतात. मुकादमाकडून उचल घेताना तो कोयता शब्द देतो, आणि त्या शब्दाने घर खरोखर बदलते. दाराला कुलूप लागते, शेळ्या मामाकडे जातात, शाळेतली धाकटी भावंडे ट्रॅक्टरवर बसतात. शब्द देतो घरचा पुरुष. कोयत्यातली अर्धी ती बाई तिथे बहुधा नसतेच.

आमच्या घरात सही करणारी मी पहिलीच. यंदा मुकादमाने कागद पुढे केला तेव्हा तो मी आधी वाचायला घेतला. सगळे लिहिले होते, फक्त रकमेची जागा मोकळी होती. ती भरून द्या, म्हटले. मुकादम दादांना म्हणाला, “पोरगी कॉलेजात जाऊन लई शहाणी झाली. आमच्या शब्दावर विश्वास नाही का?”

“विश्वास आहे,” आई आतून म्हणाली, “पण आकडा लिवा.”

त्याने आकडा लिहिला. मी तो मोठ्याने वाचून दाखवला. मग दादांनी अंगठा उठवला.