गोधडीवर शिवणारीचं नाव हवं

जालना जिल्ह्यातल्या आमच्या भोकरदन तालुक्यात कापूस पिकतो आणि आम्ही पांघरतो पॉलिएस्टर. हिवाळ्याच्या तोंडावर आठवडी बाजारात मिंक ब्लँकेटांचे ढीग लागतात. वाघाचं तोंड, गुलाबाची फुलं, मोर असे छाप आणि हाताला गुळगुळीत. असली पांघरुणं पानिपतच्या कारखान्यांतून देशभर जातात. आमचा कापूस मात्र गाडीत भरून जिनिंगला जातो, त्याच्या गाठी होतात आणि पुढं त्याचं काय झालं हे घरी कुणाला कळत नाही. बद्रीनारायण बारवाले यांनी १९६४ मध्ये महिको ही बियाण्यांची कंपनी सुरू केली ती जालन्यात. देशात बीटी कापसाच्या बियाण्याला २००२ मध्ये पहिली परवानगी मिळाली तीही याच कंपनीच्या वाणांना. त्या जिल्ह्यात आज अंगावर घ्यायला सुती गोधडी शोधावी लागते, ही गोष्ट मला सहज सोडून देता येत नाही.

मी भोकरदनला शिवणक्लास चालवते. ब्लाऊज, पंजाबी ड्रेस, फॉल-पिको शिकायला मुली येतात. गोधडी शिकायला कुणी येत नाही, कारण ती शिकायची गोष्ट आहे असं कुणाला वाटत नाही. मी ती आत्याबाईंकडून, म्हणजे सासूबाईंकडून शिकले. सुगी उरकली, ऊन तापायला लागलं की त्या अंगणात सतरंजी टाकायच्या. खाली धडकं लुगडं अस्तर म्हणून अंथरायचं, चारी कोपऱ्यांवर दगड ठेवायचे. त्यावर जुनी धोतरं, लुगडी, मऊ झालेले सदरे उसवून थरावर थर. वर ठिगळांची मांडणी. मग कच्चे टाके घालून सगळं जागच्या जागी बसवायचं आणि कडेपासून धावदोरा सुरू करायचा. एक फेरी पूर्ण झाली की बोटभर आत दुसरी. चौकोनात चौकोन होत शेवटचा टाका मध्यभागी येतो. टाक्यात अंतर पडलं की त्या म्हणायच्या, “दोरा दाट घाल गं बाई, धुताना कापूड एका जागी गोळा व्हायलंय मग.”

या एका वाक्यात गोधडीचं सगळं शास्त्र आहे. रजईत कापूस भरतात, गोधडीत तो नसतो. तिची ऊब थरांत अडकलेल्या हवेची असते आणि थर जागेवर राहतात ते धावदोऱ्यामुळं. दाट टाक्यांनी कापडाला बारीक सुरकुती पडते, गोधडी जितकी धुवाल तितकी मऊ होते. म्हणून तान्ह्या बाळाला दुपटं जुन्याच कापडाचं शिवतात. नवं कापड त्याच्या अंगाला बोचतं.

ही रीत मोडली ती कापडामुळं. घराघरात टेरिकॉट आलं, मग सिंथेटिक साड्या आल्या. त्या फाटत नाहीत, विटत नाहीत, धुवायला सोप्या. बायांनी त्या आवडीनं घेतल्या आणि त्यात चूक काही नव्हती. पण सिंथेटिक साडी जुनी झाली तरी मऊ होत नाही. तिचे थर एकमेकांवरून घसरतात, घाम शोषत नाहीत, सुईखालून सटकतात. अशा साड्यांची गोधडी जड होते आणि ऊब देत नाही. मग लोक म्हणतात, गोधडीत आता काही राम राहिला नाही. राम होता तो सुतात. गोधडी परत आणायची तर पहिलं काम सुती कापडाचं आहे: जुन्या सुती साड्या, चादरी आणि धोतरं वेगळी साठवणं, शिंप्यांकडच्या सुती कातरणी गोळा करणं आणि शिवण्याआधी सगळं धुऊन, आटवून, इस्त्री करून घेणं.

दुसरं काम तंत्राचं, आणि इथं मला जुन्याचा हट्ट नाही. जगात क्विल्टिंगची साधनं फार पुढं गेली आहेत. गोल पात्याचा रोटरी कटर, खाली चौकटी आखलेली चटई आणि पारदर्शक पट्टी असली की कापडाच्या चार-सहा घड्या एकदम आणि सरळ कापल्या जातात. पाव इंचाची शिवण सगळीकडं सारखी ठेवली तर त्रिकोणाची टोकं बरोबर जुळतात. कागदाचा साचा मागं लावून शिवलं की चांदणीचे आठही कोन नेमके येतात. मशीनला वॉकिंग फूट लावला तर वरचा आणि खालचा थर बरोबरीनं सरकतो, कापड गोळा होत नाही. दाते खाली करून मोकळ्या हातानं कापड फिरवलं तर मशीननं वेलबुट्टीसुद्धा काढता येते. हे सगळं आमच्या बायांच्या हाती यावं असं मला मनापासून वाटतं. तासन्‌तास वाकून ठिगळं जोडल्यानं मान आणि डोळे जातात. वरची जोडणी मशीनवर करा, कापणी कटरनं करा. धावदोरा मात्र हातानं घाला. मशीनचा टाका थर आवळून धरतो, हाताचा टाका त्यांना थोडं सैल ठेवतो. गोधडीचा मऊपणा त्या सैलपणातून येतो.

तिसरं काम नक्षीचं. तिथं मी हट्टी आहे. मुलींना मी मोबाइलवर परदेशी नमुने पाहू देते, पण तोच ब्लॉक, तेच रंग उतरवून काढायला लागल्या की थांबवते. लॉस एंजेलिसमध्ये २००९ साली सुरू झालेल्या मॉडर्न क्विल्ट गिल्डच्या मंडळींनी एकरंगी कापडं, मोठ्या मोकळ्या जागा, मुद्दाम बिघडवलेला तोल या गोष्टींना नव्या क्विल्टची ओळख मानलं. आत्याबाईंच्या गोधडीत हे सगळं होतं. एका बाजूला लुगड्याचा आख्खा हिरवा पट्टा, दुसऱ्या कोपऱ्यात लाल ठिगळांची दाटी, मध्ये धोतराचा पांढरा. त्यांनी ते जाणूनबुजून मांडलं होतं. ठिगळ उचलून इथून तिथं ठेवायच्या, लांब उभ्या राहून बघायच्या, पुन्हा हलवायच्या. त्याला आमच्याकडं कुणी कला म्हणालं नाही.

नवं करायचं तर इथल्याच डोळ्यांनी करता येतं. पिंपळगाव रेणुकाईला मिरचीचा बाजार भरतो, तेव्हा हिरव्या आणि लाल ढिगांमधल्या छटा मोजता येत नाहीत. त्या छटांची एक गोधडी होऊ शकते. अजिंठा इथून जवळ. तिथल्या पहिल्या आणि दुसऱ्या लेण्यांत मान वर करून छत पाहा. चौकोनांच्या घरांत वाटून रंगवलेलं आहे, घराघरात फुलं, फळं, प्राणी. दुसऱ्या लेण्यात चौकोनात मोठं वर्तुळ आणि कोपऱ्यांत उरलेल्या जागेत वेगळी चित्रं. शिवणारीला ती मांडणी पाहताक्षणी कळते, कारण गोधडीतही मधली आणि कोपऱ्यांची जागा अशीच सोडवावी लागते. अन्व्याच्या जुन्या मंदिराच्या भिंतींचे कोन आहेत, वाफ्यांच्या आणि सरींच्या रेषा आहेत. एवढं समोर असताना दुसऱ्या देशातल्या लाकडी घराचा नमुना आपल्या गोधडीवर का शिवायचा?

शेजारच्या कर्नाटकातल्या सिद्दी बायांनी आपली मांडणी जपली आहे. हल्याळ, येल्लापूर, मुंडगोडकडच्या या समाजात गोधडीला कवंदी म्हणतात. त्याही कडेकडून आत शिवत जातात आणि चारी कोपऱ्यांना घड्या घातलेल्या कापडाची फुलं लावतात. फुलं लागल्याशिवाय कवंदी पुरी होत नाही. आज त्यांच्या कवंद्या प्रदर्शनांत जातात, पण रंगांची मांडणी त्यांचीच असते.

अमेरिकेतल्या अलाबामा राज्यात नदीच्या वळणावर गीज बेंड नावाचं गाव आहे. गुलामीतून सुटलेल्या माणसांच्या लेकी-सुना तिथं शेतात झिजलेल्या कपड्यांची क्विल्ट शिवायच्या. १९६६ मध्ये त्या भागात बायांची सहकारी संस्था निघाली. पुढं १९७२ मध्ये सिअर्स या मोठ्या दुकानसाखळीनं त्यांना कॉर्ड्युरॉयच्या उशांच्या खोळी शिवण्याचं काम दिलं. सगळ्या खोळी एकसारख्या हव्या होत्या. पोटासाठी त्यांनी त्या शिवल्या आणि उरलेल्या कातरणी घरी नेऊन आपल्या मर्जीनं क्विल्ट जोडल्या. २००२ मध्ये गीज बेंडच्या क्विल्ट ह्यूस्टनच्या आणि मग न्यूयॉर्कच्या कलासंग्रहालयात भिंतीवर लागल्या, २००६ मध्ये अमेरिकेच्या टपाल तिकिटांवर छापल्या गेल्या. त्यांत मर्जीनं जोडलेल्या त्या कॉर्ड्युरॉयच्या क्विल्टही मानानं आहेत. खोळींची आठवण कुणी ठेवली नाही. आमच्या बचत गटांना एकसारख्या शंभर नगांची ऑर्डर मिळवून देणाऱ्यांनी ही गोष्ट लक्षात ठेवावी. ऑर्डर जरूर द्या, पण त्यात शिवणारीच्या मर्जीला जागा ठेवा.

विक्रीचं बोलले की आमच्याकडं बायाच अडवतात. “गोधडी इकत असत्यात का कुठं?” असं मला एका मावशींनी तोंडावर विचारलं. त्यांचं म्हणणं खोटं नाही. गोधडी लेकीला द्यायची, नातवाला शिवायची. तिच्यात आजीचं लुगडं असतं, त्याचा भाव कसा लावणार? घरची गोधडी घरातच राहावी, तिचा मान तसाच राहावा. पण दुसऱ्याच्या घरची साडी आणून दुसऱ्यासाठी शिवली तर ती मजुरी आहे आणि मजुरीला दाम लागतो. हिशेब साधा आहे. २०२५-२६ मध्ये रोजगार हमीची महाराष्ट्रातली मजुरी दिवसाला ३१२ रुपये होती. हातानं दाट शिवलेल्या मोठ्या गोधडीला एका बाईचे वीस दिवस धरले तर नुसती मजुरी ६,२४० रुपये होते. माती उचलणाऱ्या हाताचा हा दर आहे, कारागिराचा याहून जास्त असायला हवा. आणि आज लोक काही शे रुपये हातावर ठेवून, चहा पाजून गोधडी घेऊन जातात. ती बाई घरीच असते, रिकामीच असते, असं धरून हा भाव ठरतो. शेतात, चुलीशी आणि गोठ्यात राबून उरलेला वेळ तिनं दिलेला असतो.

इतर राज्यांत हे चित्र पालटलं आहे. बिहारच्या सुजनीचा उगमही जुन्या साड्यांच्या थरांतच. मुजफ्फरपूर जिल्ह्यातल्या भुसुरा गावात १९८८ मध्ये विजी श्रीनिवासन यांच्या ‘अदिति’ संस्थेनं सुजनीचं काम उभं केलं. तिथल्या बायांनी हुंडा, दारू, मुलींचं शिक्षण असे आपलेच विषय टाक्यांत आणले. सुजनीला भौगोलिक मानांकन मिळालं आणि त्याच भुसुराच्या निर्मला देवींना २०२५ मध्ये पद्मश्री. बंगालच्या नक्षी कांथालाही मानांकन आहे, ते काम करणाऱ्या प्रीतिकणा गोस्वामी यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. चेन्नईत २०१९ मध्ये इंडिया क्विल्ट फेस्टिव्हल भरला. गीता खंडेलवाल यांनी महाराष्ट्राच्या गोधड्यांवर इंग्रजीत सुरेख पुस्तक केलं. आमच्या शाळेच्या पाठ्यपुस्तकात डॉ. कैलास दौंड यांची गोधडीवरची कविता आहे. म्हणजे महाराष्ट्राला गोधडीची माया आहे. तिच्या कारागिराला मात्र अजून कुठं जागा नाही.

केंद्राची पीएम विश्वकर्मा योजना १७ सप्टेंबर २०२३ ला सुरू झाली. अठरा व्यवसायांना प्रशिक्षण, त्या काळात दिवसाला ५०० रुपये, अवजारांसाठी १५,००० रुपये आणि पाच टक्के व्याजानं कर्ज. यादीत शिंपी आहे, टोपल्या-झाडू करणारे आहेत, बाहुल्या करणारे आहेत. गोधडी शिवणारी नाही. तिनं शिंपी म्हणून अर्ज करावा असं सांगणं सोपं आहे. पण तिच्याकडं मशीन नाही, दुकान नाही, माप घेण्याचा धंदा नाही, मग ती स्वतःला शिंपी कशी म्हणवेल? गोधडीकाम हा वेगळा व्यवसाय म्हणून यादीत यावा. त्याच्या पेटीत कटर, चटई, पट्टी, चांगल्या सुया आणि सुती दोरा द्यावा. शिकवायला गावातल्याच म्हाताऱ्या बाया बोलवाव्यात आणि त्यांना शिक्षिकेचं मानधन द्यावं.

एक मागणी मात्र सरकारकडं नाही, आपल्या सगळ्यांकडं आहे, ती नावाची. इटलीतल्या पॉम्पेईत १९३८ मध्ये हस्तिदंताची एक भारतीय स्त्रीमूर्ती सापडली. १९७३ मध्ये नागपूर आणि मराठवाडा विद्यापीठांनी भोकरदनला, म्हणजे जुन्या भोगवर्धनला, केळणेच्या काठी उत्खनन केलं, तेव्हा तिच्याशी जुळणारी हस्तिदंती मूर्ती इथं मिळाली. पॉम्पेईची ती मूर्ती इथंच घडली असावी असं काही अभ्यासक मानतात. आम्हाला त्याचा अभिमान आहे, पण कोरणाऱ्याचं नाव कुणालाच ठाऊक नाही. दोन हजार वर्षांनी आम्ही त्याच गावात तेच चालू ठेवलं आहे. गोधडी कुणाची, तर अमक्याच्या घरची. शिवली कुणी, हे तिच्या कुठल्याच कोपऱ्यात लिहिलेलं नसतं.

म्हणून माझ्या क्लासमध्ये नियम केला आहे की अस्तराच्या कोपऱ्यात पांढऱ्या कापडाचा तुकडा लावायचा आणि त्यावर दोऱ्यानं नाव, गाव, साल भरायचं. ज्यांना लिहिता येत नाही त्यांचं नाव मुली काढून देतात, टाका त्या स्वतः घालतात. तुम्हीही यंदा गोधडी शिवून घ्याल तेव्हा दोन गोष्टी करा. भाव ठरवण्याआधी किती दिवस लागतील ते विचारा आणि त्या दिवसांचे पैसे द्या. आणि मागच्या बाजूला शिवणारीचं नाव घालायला सांगा. दिल्लीतली यादी बदलायला वेळ लागेल. या दोन गोष्टी याच हंगामात, प्रत्येक गावात करता येतात.