पडद्यावरील सत्य

चित्रपट पाहण्याची हौस आज घरोघरीं आहे. परंतु पडद्यावर दिसतें तें सारें खरेंच असतें काय, असें मुलांनीं विचारिलें तर पालकांनीं काय उत्तर द्यावें? रॉबर्ट फ्लॅहर्टी या अमेरिकन प्रवाशाचें चरित्र येथें उपयोगी पडेल, असें आम्हांस वाटतें.

फ्लॅहर्टी यांचा जन्म १८८४ सालीं झाला. कॅनडाच्या उत्तरेस हडसन उपसागराच्या बाजूस लोखंडाच्या खनिजाचा शोध करीत असतां त्यांचा इनुइट लोकांशीं स्नेह जडला, व त्यांचें जीवन चित्रित करण्याचें त्यांनीं मनावर घेतलें. १९१६ सालीं टोरोंटो येथें त्यांच्याच सिगारेटची ठिणगी पडून सुमारें ३०,००० फूट फिल्म जळाली. एक प्रत वांचली होती; पण ती पाहून त्यांचें समाधान होईना. दुसरा कोणी हताश झाला असता; हे मात्र १९२० सालीं पुन्हां त्याच बर्फाच्या प्रदेशांत गेले, आणि १९२२ सालीं ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ हा मूकपट जगापुढें आला. या चिकाटीस आमचा प्रणाम असो.

तथापि गुणांबरोबर दोषही सांगितला पाहिजे. नायकाचें खरें नांव नानूक नसून अल्लाकरिआल्लाक असें होतें. बर्फाच्या घरांत उजेड पुरेना, म्हणून अर्धेंच घर बांधून आंतील दृश्यें घेतलीं. त्या काळीं इनुइट शिकारी बंदुका वापरीत. चित्रांत मात्र ते वाडवडिलांप्रमाणें भाल्यानें वॉलरसची शिकार करतांना दिसतात.

लोपत चाललेली रीत जतन करण्यासाठींच हें केलें, असें कोणी म्हणतील. तो हेतु आम्हांस मान्य आहे. अर्धें घर ही उजेडाची अडचण होती; परंतु बंदूक दृष्टीआड करून हे लोक आजही असेच राहतात असें भासविणें, हा त्यांच्यावर अन्याय होय. ज्यांनीं बर्फ फोडून फिल्म धुण्यास पाणी आणलें व चित्रणाच्या कामांत फ्लॅहर्टी यांस हातभार लावला, त्यांस नवें यंत्र परकें कसें म्हणावें?

विद्यार्थिमित्रहो, उद्यां तुम्हीही कोणाच्या गांवाचें, कोणाच्या घराचें वर्णन लिहाल. श्रम फ्लॅहर्टींसारखे करा. परंतु डोळ्यांनीं पाहिलेलें कोणतें आणि आपण मांडलेलें कोणतें, हें वाचकांस स्पष्ट सांगा. ज्यांच्याविषयीं लिहावयाचें त्यांचा खरा मान त्यांतच आहे.