मी बुवा तोंडावर बोलतो!

आपल्याकडे एक जमात आहे. "मी बुवा स्पष्टवक्ता, जे पोटात तेच ओठात" असं छाती फुगवून सांगणारी. लग्नात भेटल्या भेटल्या "किती जाड झालीस गं!" म्हणणारे काका, नव्या पोराच्या कोडची चारचौघांत पिसं काढणारा टीम लीड, पोहे संपवून "मुलगी सावळीच आहे" असं तिच्यादेखत सुनावणारी मुलाची आई... सगळे यातलेच. आणि कुणी दुखावलं की वर ऐकवणार, "खरं बोललं की झोंबतंच लोकांना!"

यांना माझा एकच प्रश्न आहे. हा खरेपणा नेहमी उताराकडेच कसा वाहतो? तोच टीम लीड क्लायंटच्या कॉलवर तीन महिन्यांचं काम सहा आठवड्यांत "हो, जमेल की" म्हणतो, तेव्हा पोटातलं पोटातच राहतं. काकांनी आपल्या साहेबाच्या ढेरीवर कधी मत दिल्याचं ऐकिवात नाही.

चढावरचं खरं बोलणं बघायचं असेल तर रॉजर बोझोले बघा. अमेरिकेतल्या मॉर्टन थायोकॉल कंपनीतला इंजिनिअर. रॉकेटमधल्या रबरी ओ-रिंगांचा दोष काढला नाही तर माणसं मरतील, हे त्याने जुलै 1985 मध्येच वरिष्ठांना लेखी कळवलं होतं. 27 जानेवारी 1986 च्या रात्री फोनवरच्या बैठकीत तो आणि त्याचे सहकारी जीव तोडून सांगत होते, एवढ्या थंडीत चॅलेंजर उडवू नका. कंपनीने आधी ऐकलं, मग नासाची नाराजी दिसल्यावर शब्द फिरवला. दुसऱ्या दिवशी 73 सेकंदांत यान फुटलं. सात जण गेले.

बोझोलेने चौकशी आयोगापुढे सगळं सांगितलं, कागदपत्रं दिली. बक्षीस? कंपनीत त्याला बाजूला टाकलं, सहकारी तोंड फिरवायला लागले. शेवटी त्याने कंपनी सोडली.

आपण तरी काय वेगळं करतो? काकांना "फटकळ आहेत, पण मनाने चांगले" म्हणून पदरात घेतो. आणि "ही तारीख अशक्य आहे" म्हणणारा अप्रेझलमध्ये "निगेटिव्ह" ठरतो, "टीम प्लेअर नाही" ठरतो. म्हणजे ज्या खऱ्याने कुणाचंच भलं होत नाही ते माफ, आणि ज्याने होईल त्याला शिक्षा!

माझी कसोटी सोपी आहे. खरं बोलल्याची किंमत कोण मोजतंय? फक्त ऐकणाराच मोजत असेल तर तो प्रामाणिकपणा नाही, नुसता उद्धटपणा आहे.

असो. पुढच्या रिलीज मीटिंगमध्ये एखादं पोरगं "हे अजून तयार नाही" म्हणालं, तर निदान त्याला एकटं पाडू नका. बघा पटतंय का.