पडद्यामागे कोण राबते?

नवा चित्रपट येऊ घातला की त्याआधी ‘मेकिंग’ नावाची एक चित्रफीत हल्ली हमखास दाखविली जाते. नायक-नायिका खळखळून हसतात, दिग्दर्शक कपाळाला हात लावतो आणि सारे युनिट म्हणजे एक कुटुंबच, असे जो तो सांगतो. याला पडद्यामागचे दर्शन म्हणण्यास माझा स्पष्ट विरोध आहे. ही निर्मात्याच्या पैशाने काढलेली जाहिरात होय. दिवे उचलणारा कामगार किती तास उभा होता, त्याला मजुरी किती व केव्हा मिळाली, याचे उत्तर तीत शोधून सापडणार नाही.

१९१० मध्ये मुंबईत ख्रिस्तचरित्राचा मूकपट पाहून दादासाहेब फाळके या कलेकडे वळले, हे आपल्या वाचकांना ठाऊक आहेच. १९१३ मध्ये त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आला. पुढे १९१७ च्या सुमारास चित्रपट कसा तयार होतो हे दाखविणारा लघुपटही त्यांनी काढला. दिग्दर्शन करणारे, फिल्मची पट्टी तपासणारे फाळके त्यात दिसतात. कारागिराने आपली कार्यशाळा उघडून दाखवावी तसे ते प्रामाणिक काम आहे. परंतु सरस्वतीबाईंचे काय? कोऱ्या फिल्मच्या कडांना यंत्राने भोके पाडणे, अंधारात ती धुणे, शिवाय युनिटमधील सर्वांसाठी रांधणे, हे सारे त्या माउलीने केले. भोके चुकली तर पट्टी कॅमेऱ्यात सरकणारच नाही! त्यांचे हे श्रम आपल्याला कळतात ते मुख्यतः आठवणींतून व चरित्रग्रंथांतून.

जेवण रुचकर असले म्हणजे झाले, स्वयंपाकघरात डोकावू नये, असे रसिक म्हणतात. (चूल फुंकणारे असे म्हटल्याचे मी अद्याप ऐकलेले नाही.) १९९७ मध्ये अमेरिकेत ‘प्लेझंटव्हिल’च्या चित्रीकरणावरील एक कॅमेरा-सहायक एकोणीस तास राबून घरी निघाला आणि गाडी चालविता चालविता झोप लागून दगावला. हॅस्केल वेक्सलर या नामवंत छायालेखकाने २००६ मध्ये त्या अतिश्रमांवर ‘हू नीड्स स्लीप?’ हा माहितीपट काढला. आपल्याच धंद्याला साक्षीला उभे करणारा असा कॅमेरा मराठीत किती जणांनी हाती धरला?

भिगवणपासून उजनीच्या जलाशयापलीकडे करमाळा तालुका लागतो. नागराज मंजुळे यांचे जेऊर त्याच तालुक्यात. २०१६ मध्ये आलेल्या त्यांच्या ‘सैराट’चे बरेचसे चित्रीकरण तिकडेच झाले. गाणी साऱ्या महाराष्ट्राला पाठ झाली. आता तेथील गर्दीत उभे राहिलेल्यांना, अंगण दिलेल्यांना, चहा पुरविणाऱ्यांना कोणीतरी विचारावे: दिवस कसा गेला, हाती काय पडले, पुन्हा बोलावले तर जाल काय? उत्तरे गोड असतील वा कडू. जशी मिळतील तशी नोंदवावीत. निर्मात्याची परवानगी त्यासाठी लागत नाही, आणि बोलणे टिपून घ्यायला खिशातला मोबाइल पुरेसा आहे.