दत्तक मुलगा कायद्याने वारस, मग वडिलांची पेन्शन का नाही?

नवऱ्याच्या मागे विधवेने कायदेशीर दत्तक घेतलेल्या मुलाला नवऱ्याच्या सरकारी नोकरीची फॅमिली पेन्शन मिळते का? सुप्रीम कोर्टाचं उत्तर आहे : नाही.

१७ जानेवारी २०२३ चा हा निकाल नागपूरच्या एका प्रकरणातला. केंद्र सरकारचे एक कर्मचारी १९९३ मध्ये निवृत्त झाले आणि पुढच्याच वर्षी वारले. मूलबाळ नव्हतं. पत्नीने १९९६ मध्ये मुलगा दत्तक घेतला, १९९८ मध्ये पुनर्विवाह केला. २००० मध्ये मुलाने पेन्शन मागितली आणि सरकारने ती नाकारली. कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाने मुलाच्या बाजूने निकाल दिला, २०१५ मध्ये हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाने तो फिरवला आणि सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाला दुजोरा दिला.

यात एक गोष्ट सहज नजरेतून सुटते. मुलाला ही पेन्शन जास्तीत जास्त वयाच्या पंचविशीपर्यंत मिळू शकते. १९९६ मध्ये दत्तक गेलेला मुलगा अंतिम निकालाच्या दिवशी सव्वीस वर्षांच्या पुढेच असणार. जिंकला असता तरी हातात पडली असती ती फक्त थकबाकी.

कोर्टाचा मुद्दा काय होता? हिंदू दत्तक कायदा, १९५६ नुसार विधवा दत्तक घेऊ शकते, यावर वाद नव्हताच. पण पेन्शन वारसा कायद्याने ठरत नाही, ती सेवानियमांतल्या ‘कुटुंब’ या शब्दाच्या व्याख्येवर ठरते. त्या व्याख्येत कायदेशीर दत्तक मुलं आहेत, मात्र कोर्टाच्या मते ती कर्मचाऱ्याने स्वतःच्या हयातीत घेतलेली असायला हवीत. नाहीतर पेन्शनसाठी दत्तक घेण्याचा गैरप्रकार होईल, अशीही भीती होती. वडील गेल्यावर जन्मलेल्या मुलाला मात्र हक्क आहे, कारण तो त्यांचाच मुलगा.

भीती अगदीच निराधार नाही. तरी प्रत्येक दत्तक विधानाकडे संशयाने पाहण्यापेक्षा प्रकरणागणिक हेतू तपासता आला असता, असं वाटतं.

‘पेन्शन म्हणजे वारसा नव्हे’ हे तत्त्व मात्र कधी कुटुंबाला तारतंही. एका रेल्वे कर्मचाऱ्याने मृत्युपत्रात सगळं भावाच्या नावे केलं होतं. १९९१ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं, फॅमिली पेन्शन ही त्याची मालमत्ताच नाही, मग ती मृत्युपत्राने देणार कशी? पेन्शन पत्नीची. बिहारच्या एका प्रकरणात (२०००) पहिली पत्नी असताना केलेलं दुसरं लग्न अवैध ठरलं, दुसऱ्या पत्नीला काही मिळालं नाही. तिच्या अज्ञान मुलांना मात्र सज्ञान होईपर्यंत वाटा मिळाला.

नागपूरचा निकाल केंद्राच्या १९७२ च्या पेन्शन नियमांवर आहे. राज्य कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्राचे १९८२ चे वेगळे नियम आहेत आणि फॅमिली पेन्शन त्यांतल्या नियम ११६ मध्ये येते. घरात कोणी सरकारी नोकरीत असेल, तर ‘कुटुंब’ची व्याख्या तिथे वाचा. कार्यालयात दिलेल्या कुटुंबाच्या तपशिलात कोणाची नावं आहेत तेही पाहून घ्या. लग्न, घटस्फोट किंवा दत्तकानंतर तो बदलायचा राहून गेलेला असतो.