पुसू नये!

परवा लोखंडी पेटीत पेन्शनचे जुने कागद शोधत होतो, तर तळाशी एक फ्लॉपी सापडली. वर माझ्याच अक्षरात लिहिलेलं : "मायच्या ओव्या. पुसू नये."

नातू म्हणाला, "आबा, हे काय आहे?" आता त्याला काय सांगावं! म्हटलं, बस इथे, गोष्ट मोठी आहे. तीच आज तुम्हालाही सांगतो. गोष्टीच्या शेवटी माझं एक मत आहे, तेही ऐकून घ्या.

माय पहाटे जात्यावर दळायची आणि ओव्या म्हणायची. जातं गेलं तरी ओव्या राहिल्या होत्या. १९८६ साली धाकट्या भावाने टेपरेकॉर्डर आणला, तेव्हा आम्ही तिची सात मिनिटं टेप केली. माय १९९१ ला गेली. १९९९ च्या दिवाळीत अमेरिकेतला पुतण्या कुहीला आला आणि ती कॅसेट घेऊन गेला. "काका, मी हे नेटवर टाकतो, सगळ्यांना ऐकता येईल," म्हणाला. त्याने तसं केलंही. नागपूरला मुलाच्या कॉम्प्युटरवर मी ते ऐकलं. आवाज पाण्याखालून आल्यासारखा होता, पण होता मायचाच. मी लगेच ती फाईल फ्लॉपीवर उतरवून घेतली आणि वर 'पुसू नये' लिहिलं.

तो जमाना रिअल ऑडिओचा. अमेरिकेतल्या सिअॅटलच्या प्रोग्रेसिव्ह नेटवर्क्स या कंपनीने १९९५ च्या एप्रिलमध्ये ते आणलं. पुढे १९९७ ला कंपनीचं नाव रिअलनेटवर्क्स झालं. त्याआधी गाणं ऐकायचं तर पूर्ण फाईल उतरेपर्यंत ताटकळत बसावं लागे. यांनी गाणं वाहतं केलं. थोडं उतरलं की वाजायला सुरुवात, मागून बाकीचं येतंय. सीडीवरचा आवाज सेकंदाला १४ लाख बिट मागतो आणि तेव्हाचा मोडेम जेमतेम २८ हजार आणायचा. म्हणजे पन्नासातला एक भाग ठेवून बाकी सोडून द्यायचं आणि तरी माणसाचा आवाज ओळखू आला पाहिजे! ही कला ज्या तुकड्यात असते त्याला कोडेक म्हणतात. म्युझिक इंडिया ऑनलाइन, रागा अशा ठिकाणांहून परदेशातल्या आपल्या मंडळींनी जी गाणी ऐकली, ती याच वाटेने. कंपनीचं श्रेय कंपनीला दिलंच पाहिजे.

आता फ्लॉपीचं. त्या फाईलचं शेपूट होतं 'रॅम'. मी समजलो यात ओव्या आहेत. प्रत्यक्षात 'रॅम' फाईलमध्ये गाणं नसतंच. असते फक्त एक ओळ, गाणं कुठे ठेवलंय त्या पत्त्याची. मी वर्षानुवर्षं पत्ता जपला आणि घर पडून गेलं. पुतण्याची फुकटातली जागा बंद झाली, कॅसेटला बुरशी लागली. गंमत (की दुःख) अशी की सेकंदाला २० किलोबिट धरले तर ती सात मिनिटं जेमतेम एक मेगाबाइटची. त्याच फ्लॉपीत आरामात मावली असती!

दुसरी चूक याहून मोठी. मुलाच्या कॉम्प्युटरवरून मी एकदा एक नको असलेला प्रोग्राम काढत होतो. मध्येच एक चौकट आली. तिचं म्हणणं असं : ही शेअर्ड फाईल आता कुणी वापरत नाही असं दिसतं, पण कुणी वापरत असेल तर त्याचं काम बंद पडेल, काढू का? खाली 'यस टू ऑल' होतं. मी मास्तर, घाईत उत्तरं तपासायची सवय. दाबलं. संध्याकाळी मुलाचा गाण्यांचा प्रोग्राम उघडेना, अमुक डीएलएल सापडत नाही म्हणून. मुलगा म्हणाला, "बाबा, तुम्ही काय केलं?"

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. यातला लायब्ररी शब्द मला फार आवडतो, कारण शाळेत अठरा वर्षं वाचनालय माझ्याकडे होतं. प्रत्येक विद्यार्थ्याने शब्दकोश विकत घ्यायची गरज नाही, एक कपाटात ठेवा, ज्याला लागेल तो येऊन बघेल. हे तसंच. जे काम पाच प्रोग्रामना लागतं, ते एका फाईलमध्ये लिहून ठेवायचं. रिअलच्या प्लेअरसोबतही अशा फाईली यायच्या. एक होती पीएनसीआरटी नावाची. त्यातलं 'पीएन' म्हणजे जुनं प्रोग्रेसिव्ह नेटवर्क्स. कंपनीचं नाव बदललं, फाईलवर जुनंच राहिलं, आपल्याकडे विकलेल्या वावराला जुन्या मालकाचं नाव चिकटून राहतं तसं. विंडोज अशा शेअर्ड फाईलींचं एक रजिस्टर ठेवायचं, किती प्रोग्राम वापरतात त्याचा आकडा. पण एखादा प्रोग्राम फाईल वापरायचा आणि रजिस्टरमध्ये नोंद करायचाच नाही. मग आकडा शून्य दिसायचा आणि वाचणारा मात्र कपाटापाशी उभा असायचा. कुणी नवीन फाईलीवर जुनी आवृत्ती टाकून जायचा, ते वेगळंच. या गोंधळाला इंग्रजीत 'डीएलएलचा नरक' असं नाव पडलं होतं!

आपण ब्लॉगवाल्यांनी तरी हे विसरू नये. विंडोजवर आपली जोडाक्षरं नीट जुळायची ती यूएसपी-१० नावाच्या अशाच एका शेअर्ड फाईलच्या जिवावर. एक्सपीवर ती सोय चालू केली नसेल तर वेलांटी भलत्याच अक्षराला चिकटायची. आपल्यापैकी किती जणांना तिचं नाव ठाऊक होतं?

आता ओव्यांचं पुढे काय झालं ते. २०१९ ला पुतण्याला घर बदलताना एक जुनी सीडी सापडली. तिच्यात मूळ फाईल होती, पत्ता नव्हे, खरी. त्याने पाठवली. पण नव्या कॉम्प्युटरवर ती उघडेचना. त्याच वर्षी आमच्या भागातली नागपूर-नागभीड नॅरोगेज बंद झाली होती, तेव्हा मनात आलं, हेही तसंच. डबा शाबूत आहे, पण अडीच फुटी रूळच उरले नाहीत तर तो चालणार कशावर? शेवटी मुलाने व्हीएलसी टाकलं आणि माय बोलली. मी खुर्चीवरून उठून उभा राहिलो. का, ते माहीत नाही.

हे कसं झालं, मुलाला खोदून विचारलं. व्हीएलसीची सुरुवात १९९६ साली पॅरिसजवळच्या विद्यार्थ्यांनी केली. ते स्वतः सगळं ओळखत नाही, एफएफएमपेग या प्रकल्पाच्या शेअर्ड लायब्ररीची मदत घेतं. रिअलचा कोडेक बंद पेटीतला होता. स्वयंसेवकांनी तो कसा चालतो याचा कसून अभ्यास करून स्वतः नव्याने लिहिला आणि सर्वांसाठी ठेवला. त्या लायब्ररीचा परवानाही बघण्यासारखा आहे. वापरा कुणीही, पण तिच्यात सुधारणा करून ती पुढे वाटलीत तर सुधारणाही सगळ्यांसाठी खुली ठेवा. गावच्या विहिरीचा नियम याहून वेगळा काय असतो? पाणी न्या, पण गाळ काढायलाही या.

माझं मत एवढंच. शेअर्ड गोष्ट दोन प्रकारची असते. एक, जिची किल्ली एकाच्याच हातात, तो आहे तोवर आपण आहोत. दुसरी, जिची कृती सगळ्यांसमोर लिहिलेली. पहिली वाईट नव्हे. तिच्यामुळेच तर मायचा आवाज सातासमुद्रापार गेला. पण घरचा, गावाचा ठेवा तिच्या एकटीच्या भरवशावर ठेवू नये. ज्या संस्थांकडे कीर्तनं, दंडार, खडी गंमत, जुनी भाषणं आहेत, त्यांनी ती खुल्या पद्धतीत उतरवून दोन-तीन ठिकाणी ठेवावीत. आणि तुम्ही-आम्ही आपल्या फोनमधले आवाज एकदा तपासावेत. जे जपलंय ते गाणं आहे की नुसता पत्ता? आज आपली बरीचशी गाणी पुन्हा पत्तेच झाली आहेत, हे ध्यानात घ्या.

मुलगा म्हणतो, "बाबा, आता जागा स्वस्त झाली, बरेच प्रोग्राम आपली लायब्ररी सोबतच आणतात, ती चौकट आता कुठे येते!" असेल. पण घरातून, शाळेतून, गावातून काही काढून टाकताना ती माझ्या मनात अजून येते. हे कुणी वापरत नाही असं दिसतंय, काढू का? रजिस्टरमध्ये नोंद नाही म्हणजे वाचणारा नाही, असं नसतं. मी आता 'नो' दाबतो.

असो. फ्लॉपी मी पुन्हा पेटीतच ठेवली आहे. ओव्या ज्या भाच्या-पुतण्यांना हव्यात त्यांनी कळवा, पाठवतो. पत्ता नाही, खरी फाईल.