हेबियस कॉर्पस: मुलगी सज्ञान असेल तर निर्णय कोणाचा?

वाशिममध्ये एखाद्या तरुणीला घरच्यांनी डांबून ठेवलं, तर तिचा जोडीदार मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात हेबियस कॉर्पस याचिका करू शकतो. मुलीला पळवून नेल्याचा दावा करत वडीलही हीच याचिका करतात. कोर्ट तिला हजर करायला सांगतं. ती सज्ञान असेल, तर मुख्य प्रश्न एकच: तिला कुठे राहायचंय?

केरळ उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये अशाच याचिकेत हादियाचं लग्न रद्द केलं. ८ मार्च २०१८ ला सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला.

मार्च २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावलं: समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवू नका, तिच्याशी एकांतात बोला. कारण घरच्यांसमोर दिलेलं उत्तर तिचंच असेल, याची खात्री नसते.